प्रेताचं काम

शैलाताई माझ्या नवऱ्याच्या छातीवर पडून हंबरडा फोडत होत्या आणि माझा नवरा श्वास घेत नव्हता. हे त्या खोलीत फक्त मला कळलं होतं. बाकी सगळे खूश होते. मेगन, म्हणजे सिनेमाची डायरेक्टर, टोरांटोहून आलेली उंच गोरी पोरगी, छोट्या टीव्हीत बघत डोळे पुसत होती आणि दुसऱ्या हाताने खूण करत होती, चालू ठेवा, चालू ठेवा. माझ्या बहिणीचा मुलगा सुहास, जो ह्या सिनेमाचा प्रोड्यूसर होता, तो स्वयंपाकघराच्या दारात उभा होता आणि सकाळपासून पहिल्यांदा हसला होता. कारण सकाळपासून पहिल्यांदाच प्रेत घोरत नव्हतं.

माझे यजमान, ज्यांना सगळं गाव अण्णा म्हणायचं, ते आयुष्यात कधी न घोरता आडवे झाले नाहीत. एस.टी.त कंडक्टर होते. दुपारी स्टँडवरच्या बाकावर जरा पाठ टेकली की शेजारच्या फलाटावरची माणसं गाडी सुरू झाली समजून पिशव्या उचलायची. त्या दिवशीही सगळे टेक त्यांच्या घोरण्यात वाया गेले होते. नाकात कापूस घातला तर ते तोंडाने घोरायला लागले, आणि ओठांवर ठेवलेलं तुळशीचं पान प्रत्येक श्वासाला पतंगासारखं उडायला लागलं. आता पान हलत नव्हतं. शैलाताईंच्या खांद्याआडून मला ते दिसत होतं. हिरवंगार, चकचकीत, ओठांवर चिकटवल्यासारखं.

मी ओरडले, "अहो!"

मेगनने माझ्याकडे बघून अंगठा वर केला. तिला वाटलं, मीही कामाला लागले. शैलाताईंना वाटलं, मी त्यांचा सीन खाते आहे. त्यांनी आवाज आणखी चढवला.

"शैलाताई, उठा! ते खरंच गेलेत!"

"गेलेतच ना," रडता रडता त्या दातांतल्या दातांत म्हणाल्या, "म्हणून तर रडतेय. तुम्ही फ्रेममध्ये येऊ नका हो."

पुढचं सांगण्याआधी हे प्रेत जर्सी सिटीच्या चौदाव्या मजल्यावर आलं कसं, ते सांगते. लोक आत्मचरित्रात लहानपण लिहितात. माझं लहानपण चौथीत संपलं. पाचवीची शाळा नदीपलीकडे होती आणि आईला घरात हात हवा होता. मग भावंडं, मग लग्न, मग दोन बाळंतपणं, मग सासूचं अंथरूण. वाढायला सवड अशी झालीच नाही. ती झाली अमेरिकेत. केस पांढरे झाल्यावर मुलाचं घर सांभाळायला गेले तेव्हा. म्हणून माझ्या वाढण्याचं प्रकरण हे आहे, आणि मी ते इथे घालते. कुणाला चालत नसेल तर त्याने पान उलटावं.

मुलगा प्रसाद आणि सून मेघना, दोघंही कॉम्प्युटरवाली. सकाळी नातीला डे-केअरमध्ये सोडून ट्रेनने नदीखालून न्यूयॉर्कला जायची ती संध्याकाळी उगवायची. मधल्या वेळात चौदाव्या मजल्यावर मी, अण्णा आणि फ्रीज. तिघांपैकी फ्रीज जास्त बोलायचा. लिफ्टची टिंग, कपडे वाळवायच्या यंत्राची घरघर, खाली ट्रेनचं कण्हणं, एवढेच आवाज. भांडणाचा नाही, फेरीवाल्याचा नाही. खिडकीतून समोर पाणी, पाण्यापलीकडे सगळं न्यूयॉर्क उभं. अण्णा रोज सकाळी चहा घेऊन खिडकीशी बसायचे आणि संध्याकाळी तिथून उठायचे. ज्या माणसाने तीस वर्षं उभ्याने तिकिटं फाडली त्याला बसायला खुर्ची मिळाली की तो महिनाभरात संपतो. अण्णा दिवसाला दोन वाक्यं बोलायचे. एक, "भाजी काय आहे?" आणि दुसरं, "परवा पण तीच होती."

अशात सुहासचा फोन आला.

सुहास माझ्या धाकट्या बहिणीचा, कुसुमचा मुलगा. कुसुम लग्न करून कॅनडात गेली, तिचा नवरा तिथे कारखान्यात. मुलाने इंजिनिअर व्हावं म्हणून दोघं राबली. मुलगा दुसऱ्या वर्षी कॉलेज सोडून सिनेमावाल्यांची व्हॅन चालवायला लागला. टोरांटोत अमेरिकन सिनेमे फार निघायचे, कारण तिथे स्वस्त पडायचं. गोष्ट न्यूयॉर्कची, रस्ता टोरांटोचा. पण टोरांटोचे रस्ते फार स्वच्छ. तेव्हा रात्री घासलेल्या रस्त्यावर सकाळी पोत्यांनी कचरा आणून पसरावा लागायचा, म्हणजे न्यूयॉर्क वाटायचं. संध्याकाळी तोच कचरा परत गोळा. हे सुहासचं पहिलं काम. कुसुम फोनवर रडायची, "अक्का, माझा पोरगा कचरा टाकतो गं." मी म्हटलं, "उचलतो पण ना? मग झालं." आता सुहासवर पेपरात लिहून येतं तेव्हा "अगदी तळापासून वर आले" असं म्हणतात. तळात काय होतं ते मला माहीत आहे.

व्हॅनवरून तो शूटिंगसाठी जागा शोधण्याच्या कामावर गेला, तिथून कुणाचा तरी मदतनीस झाला, आणि शेवटी प्रोड्यूसर. मी त्याला विचारलं होतं, प्रोड्यूसर करतो काय? डायरेक्टर सांगतो, नट बोलतो, कॅमेरावाला कॅमेरा धरतो, तू काय करतोस? तो म्हणाला, "मावशी, ज्या दिवशी सगळं नीट चालतं त्या दिवशी मी काहीच करत नाही. तसा दिवस अजून आला नाही." मला बाईचं काम वाटलं ते. घरातली बाई हेच करते आणि तिला प्रोड्यूसर कोणी म्हणत नाही.

त्याचा पहिला सिनेमा टोरांटोतल्या मराठी कुटुंबाचा होता. म्हातारा दारुडा बाप मरतो आणि पोरं भांडतात, एवढी गोष्ट. त्याने आणि मेगनने मिळून लिहिलेली. सगळं चित्रीकरण उरकलं होतं, फक्त प्रेत राहिलं होतं. म्हाताऱ्याला जमिनीवर झोपवलंय आणि बायको रडतेय, एवढा एक प्रसंग. त्यासाठी मराठी माणसाचं घर हवं होतं, आणि टोरांटोतलं एक मराठी घर द्यायला तयार होईना. लग्न करा, बारसं करा, मारामारी करा, पण प्रेत नको. खोटं प्रेतही नको. कुणाच्या घरात वास्तुशांत झाली होती, कुणाची सून पोटुशी होती. एका डॉक्टरबाई चक्क म्हणाल्या, "अंधश्रद्धा नाही रे, पण नको." ज्या म्हाताऱ्या नटाला बाप केला होता त्याच्या बायकोनेही आडवं पडायचा दिवस आला तसा त्याला घरी नेला. म्हणाली, भांडताना दाखवा, पिताना दाखवा, मेलेला दाखवायचा नाही.

"मावशी, मी खल्लास झालो," सुहास फोनवर म्हणाला. "हा सीन नाही तर पिक्चर नाही. सगळे लोक हातातून जातील. माझी पहिली फिल्म, यार."

"मला यार म्हणू नकोस. आमच्याकडे ये. इथे झोपव."

"अगं, पण जर्सी सिटीत? स्टोरी टोरांटोची आहे."

"टोरांटोचं न्यूयॉर्क करत होतास ना इतकी वर्षं? आता उलटं कर. जमीन सगळीकडे सारखीच असते."

प्रसादला विचारलं तर तो "हो" म्हणाला, कारण तो फोनवर होता आणि मी काय विचारलं ते त्याने ऐकलं नव्हतं. मेघनाने ऐकलं. तिने विचारलं, "आई, शूटिंग म्हणजे नेमकं कसलं?" मी म्हटलं, "घरगुती."

प्रेत व्हायला अण्णा आपणहून पुढे आले. मी तर गारच पडले. इतके महिने खिडकीशी बसलेला माणूस उठून उभा राहिला आणि म्हणाला, "मी मरतो." वरून सुहासला फोनवर, "चेहरा लांबून घेणार ना? की मिशी काढू?" सिनेमातल्या म्हाताऱ्याला मिशी नव्हती, म्हणून त्यांनी मिशी काढली. लग्नानंतर पहिल्यांदा. वरचा ओठ असा पांढराफटक निघाला की मला परपुरुषासमोर बसल्यासारखं झालं. मग रोज जेवण झालं की दिवाणखान्यात आडवे पडून मरायचा सराव. "बघ गं, पोट हलतंय का?" मी भाजी निवडता निवडता म्हणायची, "हलतंय. आणि घोरताय." असं आम्ही त्या दिवसांत एकमेकांशी जेवढं बोललो तेवढं संसारात बोललो नव्हतो.

शूटिंगवाले पाचसहा जण आले. मी त्यांना पोहे, उसळ, थालीपीठ घातलं. आवाज पकडणारा एक दाढीवाला होता, कानाला मोठे हेडफोन लावून फिरायचा. त्याने आपल्या पिशवीतून मेपल झाडाच्या पाकाची बाटली काढली आणि कांद्याच्या थालीपिठावर ओतली. कॅनडाची माणसं पाकाची बाटली बरोबर बाळगतात. अण्णांनी तोंड फिरवलं. मी मात्र नंतर गुपचूप खाऊन पाहिलं. वाईट लागत नाही.

त्या दाढीवाल्याला कुठलाच आवाज चालायचा नाही. उन्हाळ्याचे दिवस, तरी एसी बंद. खिडकीत न्यूयॉर्क दिसतं म्हणून जाड पडदे बंद. मोठमोठे दिवे चालू. उदबत्तीने धुराची घंटा वाजू नये म्हणून छतावरच्या डबीला न्हाणीघरातली प्लॅस्टिकची टोपी बांधली. आणि फ्रीज गुरगुरतो म्हणून तोही बंद. सुहासने फ्रीजचा प्लग काढला आणि आपली गाडीची किल्ली आत दह्याच्या भांड्यापाशी ठेवली.

"हे काय रे?"

"मावशी, सगळे असंच करतात. शूट संपल्यावर फ्रीज चालू करायला विसरतो माणूस, आणि लोकांचं सगळं खराब होतं. किल्ली आत असली की गाडी काढायच्या आधी फ्रीज उघडावाच लागतो."

मला ही युक्ती फार आवडली. अजूनही मी गावाला जाताना चप्पल गॅसच्या बटणापाशी ठेवते. सून म्हणते, ओट्यावर चप्पल? मी म्हणते, सिनेमावाले असंच करतात.

विधवेचं काम शैलाताईंना दिलं होतं. जवळच्याच गावात राहायच्या, मराठी मंडळाच्या प्रत्येक नाटकात असायच्या. बाई भरीव, आवाज त्याहून भरीव. फिकट साडी, पुसलेलं कुंकू, मोकळे केस करून आल्या आणि आल्या आल्या अण्णांना नमस्कार करून म्हणाल्या, "अण्णा, आज तुमच्यावर रडणार हं मी, रागावू नका." अण्णा लाजले. मिशी नसलेला माणूस लाजला की फार वेडा दिसतो.

अण्णांची तयारी मी केली. मेगनने त्यांना सोफ्यावर झोपवलं होतं, मी खाली जमिनीवर घेतलं. पायाचे अंगठे दोऱ्याने बांधले, नाकात कापूस घातला. शैलाताई म्हणाल्या, अंगठे कशाला, ते दिसणारच नाहीत. मी म्हटलं, त्यांना वाटेल ना बांधलेले, म्हणजे ते हलणार नाहीत. तुळस नव्हती. बाल्कनीतली थंडीत गेली होती. सुहास दुकानातून पिझ्झ्यावर घालतात तो पाला घेऊन आला, तो इटालियन तुळस म्हणून चालवला.

एक गोष्ट मी पाहिली होती. सकाळी अण्णा ओवा चावत होते आणि छाती चोळत होते. मी विचारलं, तर म्हणाले, "करपट ढेकर. तुझी उसळ." मी म्हटलं, माझ्या उसळीला नावं ठेवायची तर जेवू नका. त्यांचा डावा हात दुखत होता, घाम सुटत होता, हे त्यांनी कुणाला सांगितलं नाही. पुढे दवाखान्यात कबूल केलं. सांगितलं असतं तर सुहासने दुसरा कोणी आडवा केला असता. मेलेल्या माणसाचं काम हातचं जाईल म्हणून हा माणूस मरायला निघाला होता.

तर, पान हलत नव्हतं. शैलाताई उठत नव्हत्या. मी त्यांच्या केसांना धरलं. दुसरं हाताला काही आलं नाही. त्या खऱ्या किंचाळल्या आणि तो आवाज वेगळा होता, म्हणून सुहासने वर पाहिलं. त्याने आधी मला पाहिलं, मग अण्णांना. मग दोन ढांगांत आला, शैलाताईंना बाजूला ढकललं, पान उडवलं, कापूस काढला, गळ्यापाशी बोटं लावली आणि दोन्ही तळहात छातीवर ठेवून दाबायला लागला. जोरात. पापडाची लाटी कुटतात तसं. व्हॅन चालवायच्या दिवसांत टोरांटोत त्याला हे शिकवलं होतं, कारण सेटवर कुणी पडलं तर दवाखान्याआधी ड्रायव्हर जवळ असतो. "कॉल नाइन वन वन!" तो ओरडला. काटकी मोडल्यासारखा आवाज झाला. दाढीवाल्याने कानावरचे हेडफोन ओढून फेकले. तो आवाज त्याच्या कानात किती मोठा झाला असेल.

"सुहास, मोडलं काहीतरी!"

"मोडू दे, मावशी!"

मी रडले नाही. मी अण्णांच्या डोक्याशी बसले आणि म्हटलं, घोरा. मेल्या माणसा, घोर. असं मी त्यांना अरेतुरे आयुष्यात तेवढं एकदाच केलं.

अ‍ॅम्ब्युलन्सवाले फार लवकर आले. पण दारात थबकले. त्यांना काय दिसलं असेल ते बघा. जमिनीवर पांढऱ्या चादरीत म्हातारा, गळ्यात झेंडूचा हार, उशाशी दिवा, अंगठे बांधलेले, आणि एक माणूस त्याची छाती कुटतोय. त्यातल्या एकाने सुहासला विचारलं, हा माणूस कधी मेला? सुहास म्हणाला, "ही इज नॉट डेड! ही वॉज प्लेइंग डेड!" त्यांनी जास्त विचार केला नाही, ही त्यांची कृपा. शर्ट फाडला, हार तोडला, यंत्र लावलं, विजेचा झटका दिला. अण्णांचं अंग उडालं. पुन्हा दिला. मग त्या यंत्रातून टिक टिक यायला लागलं आणि अण्णांच्या तोंडातून एक घाणेरडा घर्र आवाज आला. इतकं गोड काही मी ऐकलेलं नाही.

त्यांच्यामागून पोलीस आला. नदीपलीकडचे ते दोन मनोरे पडून फार वर्षं झाली नव्हती. पाण्यासमोरच्या उंच इमारतीत आमच्या रंगाचा माणूस कॅमेरा घेऊन दिसला की तिथली माणसं दोनदा बघायची. ह्या पोलिसाने कॅमेरा पाहिला, बंद पडदे पाहिले, छतावरची प्लॅस्टिकची टोपी पाहिली. मग त्याने तो दोरा आणि कापूस उचलून विचारलं, ह्या माणसाचे पाय कुणी बांधले?

मला तेवढं इंग्रजी कळलं. मी हात वर केला.

"मावशी, प्लीज, तू काही बोलू नकोस."

"का? बांधलेच आहेत मी. सांग त्याला, आमच्यात बांधतात."

"मावशी, ते मेल्यावर!"

"मग ते पण सांग."

पोलिसाने मला खुर्चीवर बसायला सांगितलं. तो हे विचारत असताना तिकडे अ‍ॅम्ब्युलन्सवाले अण्णांना स्ट्रेचरवर घालून निघाले. त्यांच्याबरोबर घरचं एक माणूस हवं होतं. "हू इज द वाइफ?" असं त्यांनी विचारलं आणि उत्तराची वाट बघितली नाही. समोर एक बाई केस मोकळे सोडून, कुंकू पुसून, धाय मोकलून रडत होती. दुसरी गाऊनवर, हाताला पीठ, डोळे कोरडे, पोलिसासमोर. त्यांनी शैलाताईंना दंडाला धरून लिफ्टमध्ये घातलं. शैलाताई नंतर शपथेवर म्हणाल्या की त्या "नो, नो" म्हणत होत्या. पण नवरा चाललेली प्रत्येक बाई नो नोच म्हणते.

मेगनने पोलिसाला टेप दाखवली. त्याने उभ्याउभ्या सगळा सीन पाहिला. अण्णांचं घोरणं, उडणारं पान, सगळं. शेवटी डोक्यावरची टोपी काढली आणि म्हणाला, जा. सुहास खिसे चाचपत दाराशी धावला आणि तिथेच उभा राहिला. "किल्ली!" मग स्वयंपाकघरात पळाला, फ्रीज उघडला, किल्ली घेतली, आणि वाकून प्लग लावायला लागला.

"अरे, फ्रीज मरू दे!"

"हॅबिट, मावशी, हॅबिट!"

दवाखान्यात खिडकीमागे एक मुलगी होती. तिने पेशंटचं नाव विचारलं. सुहास माझ्याकडे वळून हळूच म्हणाला, "मावशी, अण्णांचं नाव काय?"

ज्या माणसाची बरगडी त्याने आताच मोडली होती, ज्याला जन्मापासून ओळखत होता, त्याचं नाव त्याला माहीत नव्हतं. कुणालाच नव्हतं. अण्णा म्हणजे अण्णा. मीसुद्धा ते नाव लग्नात उखाण्यात घेतलं तेवढंच. त्यानंतर "अहो", "ऐकलंत का" आणि "आमचे हे" ह्यांवर सगळा संसार झाला. लाज वगैरे नव्हती, कधी गरज पडली नव्हती. मी काउंटरवर दोन्ही हात टेकले आणि त्या पोरीला मोठ्याने सांगितलं, "दामोदर सखाराम शिंगटे."

तिने कॉम्प्युटरमध्ये पाहिलं. ह्या नावाचा कोणी आलेला नाही, म्हणाली. पुन्हा पाहा म्हटलं. पुन्हा नाही. सुहासचा चेहरा पडला. मला वाटलं, वाटेतच गेले असतील आणि गेलेल्यांना दुसऱ्या दाराने नेत असतील. मी तिथे फरशीवरच बसले. आणि खाली बसल्यावर मला सुचलं.

"सुहास, नाव शैलाताईंनी सांगितलं असणार. त्यांना तरी कुठे ठाऊक आहे? तुझ्या सिनेमातल्या म्हाताऱ्याचं नाव काय?"

सुहासने कपाळावर हात मारला. "मनोहर सरदेशमुख."

मनोहर सरदेशमुख होते. जिवंत होते. आत शैलाताई खुर्चीवर बसल्या होत्या आणि त्यांनी डॉक्टरांना सगळी माहिती दिली होती, सिनेमातली. नवऱ्याचं नाव विचारलं तर एवढंच तोंडात आलं, आणि एकदा नाव आल्यावर पुढचं आपोआप आलं. रोज दारू पितात. लिव्हर गेलंय. मुलगा बोलत नाही. औषध कुठलंच घेत नाहीत. इकडे अण्णांनी चहाच्या पलीकडे काही प्यायलं नव्हतं, आणि अ‍ॅस्पिरीनने त्यांचा गळा सुजतो, हे मला सोडून जगात कुणाला माहीत नव्हतं. मी सुहासच्या तोंडून ते सांगितलं. नर्सने द्यायला घेतलेली अ‍ॅस्पिरीनची गोळी परत ट्रेमध्ये ठेवली आणि अण्णांच्या मनगटाला अ‍ॅलर्जीची लाल पट्टी बांधली. शैलाताई माझ्या गळ्यात पडून रडल्या. ह्या वेळी रडणं काही बरं नव्हतं, नाकातून पाणी, हुंदके चुकलेले. मी त्यांना माझ्या गाऊनला नाक पुसू दिलं.

अण्णांनी डोळे उघडले तेव्हा आम्ही तिघं पलंगाशी होतो. प्रसाद आणि मेघना अजून नदीखालून येत होती. त्यांनी आळीपाळीने सगळ्यांना पाहिलं. मग माझ्याकडे बघून, शैलाताईंना ऐकू येईल एवढ्या आवाजात म्हणाले, "ह्या बाईचं वजन किती आहे?"

पुढे सगळी मराठी मंडळी भेटायला आली आणि प्रत्येकाने तेच सांगितलं, बघा, खोटं प्रेत झोपवायला नको होतं, वास्तूला लागतं. मेघना हातातल्या ट्रेसह दारात उभी राहिली. तिला तोपर्यंत आम्ही "शूटिंगमध्ये छातीत कळ आली" एवढंच सांगितलं होतं, प्रेताचं नाही. मी मंडळींना म्हटलं, ते दुखणं त्या दिवशी यायचंच होतं. नेहमीसारखं खिडकीशी खुर्चीत आलं असतं तर मी त्यांना झोप लागली समजून चहा झाकून ठेवला असता. प्रेत व्हायला निघाले म्हणून चार माणसं त्यांच्याकडे टक लावून बघत होती, आणि त्यातल्या एकाला छाती दाबता येत होती. मंडळींनी बशा पुढे ओढल्या. शिरा संपवून गेले. मेघना माझ्याशी आठवडाभर बोलली नाही. तो तिचा हक्क होता.

मेगनला तो शेवटचा टेक सिनेमात हवा होता. सुहास म्हणाला, नाही, पिक्चर गेला तरी चालेल, हे वापरायचं नाही. दोघांचं आमच्याच दिवाणखान्यात कडाक्याचं भांडण झालं. शेवटी सुहास माझ्याकडे आला. मी म्हटलं, मला काय विचारतोस, प्रेताला विचार. अण्णा म्हणाले, "वापरा. पण पुरा वापरा, कापू नका. आणि माझं नाव आलं पाहिजे. खरं." सुहासने पाठ फिरवली आणि बराच वेळ पडद्याशी उभा राहिला. मोठा माणूस रडतो तेव्हा तिकडे बघू नये, म्हणून मी कणीक मळायला गेले.

सिनेमा टोरांटोत एका लहानशा थिएटरात लागला. अण्णा कोट घालून बसले होते. स्वतःचं मरण आलं तेव्हा पुढे वाकले, आणि संपलं तसे मागे टेकून म्हणाले, "फार लवकर संपवला." शेवटी पाटी आली, त्यात त्यांचं नाव आलं, आणि अख्ख्या थिएटरात फक्त आम्हीच टाळ्या वाजवल्या, कारण बाकीचे उठून गेले होते. सिनेमा चालला नाही. सुहासला पुढे नाव मिळालं ते एका कुत्र्याच्या सिनेमाने, आणि मग त्या कुत्र्याच्या पोरांच्या सिनेमाने. आता त्याची मोठी कचेरी आहे. मुलाखतीत विचारतात, तुमचं सर्वांत आवडतं काम कुठलं, तर तो ह्या पहिल्या सिनेमाचं नाव घेतो, आणि कुणी पाहिलेला नसतो. किल्लीचं तो सांगत नाही, शैलाताईंचंही नाही. म्हणून मी लिहून ठेवलं.

जीव वाचवल्याबद्दल अण्णांनी सुहासपाशी कधी चकार शब्द काढला नाही. बरगडीबद्दल मात्र शेवटपर्यंत म्हणत राहिले. थंडी पडली की, "कुसुमच्या पोराने मोडली ती." खिडकीशी पुन्हा बसले नाहीत. मंडळाच्या नाटकांत म्हातारे, पोस्टमन, काय मिळेल ते करायला लागले. मिशी पुन्हा ठेवली नाही. बऱ्याच वर्षांनी गावी, दुपारच्या झोपेत गेले. मी स्वयंपाकघरात होते. घोरणं थांबलं म्हणून बाहेर आले.

पण ते नंतरचं. त्या दिवशी जर्सी सिटीत जमिनीवर आडवा पडलेला माणूस माझा नवरा होता. दामोदर सखाराम शिंगटे. ते वाचले.